पुठ्ठ्यावरचा कॉम्प्युटर

माझ्या बहिणीची नात कॉलेजात कॉम्प्युटरचंच शिकते. दिवाळीनंतर चार दिवस माझ्याकडे शहाद्याला आली होती. एका दुपारी मी शेंगा फोडत बसले होते, तर तिनं लॅपटॉप आणून सुपाशेजारी टेकवला.

"माय, हाई देख. तुन्हा जमानाना कॉम्प्युटर."

मी चष्मा लावला आणि बघतच राहिले. तोच मोरपंखी पडदा. डाव्या बाजूला एकाखाली एक चित्रं, त्यात ती कचऱ्याची टोपली. खाली राखाडी पट्टी, कोपऱ्यात स्टार्ट. उजवीकडे घड्याळसुद्धा. चालू होताना वाजायचं ते संगीतही वाजलं हो! शेंगा तशाच राहिल्या.

"हाई कोठे भेटनं तुले?"

"इंटरनेटवर शे, माय. कोणीतरी जुना कॉम्प्युटर जशाना तशा बनाडी ठेयेल शे. खरा नही, नुसता दिसाले."

मग तिनं मला समजावलं. ज्या खिडकीत आपण बातम्या वाचतो, रेल्वेचं तिकीट काढतो, त्याच खिडकीत हा आख्खा जुना कॉम्प्युटर उघडतो. आत यंत्र काही नाही. जगात अशी हौशी माणसं आहेत, ती जुन्या कॉम्प्युटरांचे असे देखावे बनवतात आणि फुकट ठेवून देतात. कुणाला आठवण आली तर त्यानं यावं, दोन घटका बसावं.

मी बसले. पत्त्यांचा खेळ लावला. चित्र काढायचं पान उघडलं, त्यात घर काढलं. मग भीत भीत एक फाईल कचऱ्याच्या टोपलीत टाकली, तर पोरगी हसायला लागली. म्हणाली, पूस की सगळं, काही होत नाही. आणि तिनं पान बंद करून परत उघडलं, तर सगळं होतं तसंच. माझं घर तेवढं गेलेलं.

"माय, तू तर मास्तरीण होतीस ना कॉम्प्युटरची? मग लोकेसले तू अशाच देखावा दावे का?"

ती थट्टेनं बोलली. पण देखावा मी खरंच दाखवला होता. ह्याच पडद्याचा, पुठ्ठ्यावर काढलेला. त्यावर एका पोरीला सहा महिने शिकवलं आणि शेवटी तिच्याबद्दल तिच्या बापासमोर खोटं बोलले. हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. आमच्या ह्यांनासुद्धा नाही, आणि ते गेले आता.

तर पहिल्यापासून सांगते.

वीसएक वर्षं झाली असतील. माझे दीर सुरतेला गेले तेव्हा त्यांच्या क्लासची चार मशीनं आमच्या पुढच्या खोलीत ठेवून गेले. माझं शिक्षण नववी. पण मशीनं धूळ खात पडलेली मला बघवेनात. मराठीतलं एक गाईड आणलं, एका हातात गाईड आणि दुसऱ्या हातात माउस असं करत शिकले. नंदुरबारहून दुरुस्तीला एक मुलगा यायचा, त्याला चहा पाजून पाजून त्याच्याकडून अर्धी विद्या काढून घेतली. वर्षाच्या आत बाहेर पाटी लागली आणि मी "मॅडम" झाले. नववी पास बाईला गावातली शिकलेली पोरं मॅडम म्हणतात, ह्याची काय नशा असते ते मला विचारा.

सकाळी सातपासून बॅचा. त्या वर्षी आमच्या भागात दुपारची लाईट जायची, अकरा ते दोन. गेली म्हणजे गेलीच. म्हणून दुपारी बॅच नसायचीच. पण एक दिवस धडगावकडची एक पोरगी दारात उभी राहिली. आश्रमशाळेतून बारावी झालेली, मराठी अगदी पुस्तकातलं बोलायची. घरी त्यांची पावरी बोली. डोंगरातल्या तिच्या पाड्यावरून सकाळची जीप धरली की शहाद्यात पोहोचायला अकरा वाजत, आणि परतीची जीप दोनला. आठवड्यातून तीन दिवस येईन म्हणाली. धडगावच्या सरकारी ऑफिसात कॉम्प्युटर आले होते, तिथं लोकांचे फॉर्म भरून देणारी, त्यांची बोली जाणणारी मुलगी पाहिजे होती. सर्टिफिकेट मिळालं की काम नक्की, असं तिला तिथल्या बाबूंनी सांगितलेलं.

मी म्हटलं, "अगं, पण तेव्हा लाईट नसते."

"मग मी लिहून घेईन, मॅडम," म्हणाली.

मला तिचं कौतुकच वाटलं, खोटं कशाला बोलू. मी साडीच्या खोक्याचा मोठा पुठ्ठा घेतला आणि त्यावर हा पडदा काढला. चित्रं, पट्टी, स्टार्ट, सगळं. प्रत्येक खिडकीचा वेगळा कागद कापला, म्हणजे चित्रावर टिचकी मारली की मी वरून तो कागद ठेवायची. खिडकी उघडली! माउस म्हणून साबणाची वडी, तिला सुतळीची शेपटी. ती साबण उचलायची, चित्रावर ठेवायची, बोटानं दाबायची आणि तोंडानं म्हणायची, टक. दोनदा दाबायचं असेल तर टक टक. आम्ही दोघी हसायचो. तिचं बघून दुसरे दोघे-तिघेही त्या वेळेला यायला लागले होते, ते लवकरच सकाळच्या बॅचला गेले. राहिली ही एकटी. महिनाभरात तिला सगळं तोंडपाठ झालं. कुठल्या चित्राखाली काय, कशातून काय उघडतं, कसं बंद करायचं. माझ्यापेक्षा चटकन सांगायची.

आता ह्यातलं जे मी स्वतःलासुद्धा पुष्कळ वर्षं सांगितलं नाही, ते सांगते. घरात इन्व्हर्टर होता. एक मशीन त्यावर चालायचं. पण त्या वेळेत मी त्या मशीनवर वकिलांची टायपिंगची कामं करायची. म्हणजे मी खऱ्या कॉम्प्युटरपाशी बसलेली आणि चार हातांवर ती पुठ्ठ्यावर साबण दाबत बसलेली. मधूनच मान वर करून माझ्या पडद्याकडे बघायची. मागितलं कधी नाही. मी दोन-तीनदा बसवलं तिला, दहा-दहा मिनिटं, तेही तिच्या हातावर माझा हात ठेवून, मीच माउस फिरवत. तिला म्हणू शकले असते, आज राहा माझ्याकडे, संध्याकाळी लाईट असते, जेव आणि मशीनवर बस. घरात काय जागा नव्हती का? सुचलंच नाही म्हणते मी. पण सुचलं होतं. एकदा सुचलं होतं, आणि मग वाटलं, नको, सवय लागेल.

परीक्षेच्या दिवशी बाहेरून साहेब तपासायला आले. क्लासची मान्यता त्यांच्या शेऱ्यावर चालायची. प्रत्येक विद्यार्थी ठरावीक तास मशीनवर बसला पाहिजे असा नियम होता. त्या दिवशी सकाळी लाईट होती. ती आदल्या दिवशीच शहाद्यात येऊन कुणाकडे तरी थांबली होती, आणि बरोबर तिचा बाप आलेला. उंच, काळासावळा, डोक्याला फेटा, दाराशी चपला काढून उभा. मुलगी परीक्षा देते ते बघायला.

तिचा नंबर आला. साहेब म्हणाले, चित्र काढायचं पान उघड. तिनं माउस हातात घेतला. उचलला. आणि सरळ नेऊन काचेवर, चित्राच्या वर टेकवला. दाबला. हळूच म्हणाली, टक टक.

साहेब म्हणाले, "काय गं, काच पुसतेस काय?"

सगळी पोरं हसली. साहेब हसले. मीपण हसले. हे लिहायला सोपं वाटतंय, पण मी हसले. साबण मी दिला होता तिला, आणि मी हसले.

मग साहेबांनी माझ्याकडे मान वळवली. "मॅडम, हिला मशीनवर बसवलं होतं की नाही?"

पाटी गेली, असं वाटलं मला. मॅडम गेली. मी म्हटलं, "सर, ही नीट येतच नाही हो. महिन्यातून एखादा दिवस तोंड दाखवते. मी तरी काय करणार?"

ती तिथंच उभी होती, माउस हातात. तिनं माझ्याकडे बघितलं. दारातल्या बापाला तेवढं मराठी कळत होतं.

चार दिवसांनी तो एकटा आला. उन्हातून आलेला, पाणीसुद्धा घेतलं नाही. म्हणाला, "बाई, माझी पोरगी येत होती का नव्हती? खरं सांगा."

आता बघा, तेव्हा साहेब नव्हते. पोरं नव्हती. खोलीत तो आणि मी. एक शब्द सरळ बोलायचा होता. पण साहेबांचा शेरा अजून यायचा होता, आणि मला वाटलं हा जाऊन कुठं बोलला तर? मी म्हटलं, "नव्हती येत." तो चपला घालून गेला. ती परत कधी दिसली नाही. मान्यता राहिली. पुढं तीन-चार वर्षांत घरोघरी कॉम्प्युटर आले, क्लास आपोआप बंद पडला. कशासाठी केलं म्हणायचं ते सगळं!

नात परत गेली, पण तो देखावा माझ्या मोबाइलमध्ये टाकून गेली. मला नादच लागला. स्वयंपाक झाला की उघडायची. मोबाइलला माउस नसतो, बोटच चित्रावर ठेवायचं. आणि एक दिवस बोट ठेवता ठेवता हात तसाच थांबला. अगं बाई, म्हटलं, तिनं हेच तर केलं होतं. चित्रावर सरळ ठेवलं आणि दाबलं. आज शेतातला माणूससुद्धा असंच करतो आणि कुणी हसत नाही. मला फार बरं वाटलं त्या विचारानं. आता म्हणाल, बरं वाटायचं काय त्यात? तेच. मला सोपी वाट सापडली होती. तिला हे जाऊन दाखवीन, म्हटलं. तुझं चुकलं नव्हतं म्हणेन. म्हणजे माझं चुकलं होतं हे न म्हणताच भागेल.

माझ्या ओळखीची एक नर्स त्या भागात फिरते. तिला त्या पोरीचं आणि पाड्याचं नाव सांगितलं, तर म्हणाली, तिथली सगळी आमचुराची कामं तीच बघते, बायकांचा गट आहे तिचा. लग्न त्याच पाड्यात झालं, म्हातारा बाप तिच्याकडेच असतो.

तरी जायला मला वैशाख उजाडला. गुडघे दुखतात, थंडी आहे, लग्नसराई आहे. कारणं काय, मागाल तेवढी. शेवटी म्हसावदवरून घाटाची जीप धरली. एवढ्याशा जीपमध्ये मी, पंधरा माणसं आणि दोन कोंबड्या. घाटातल्या प्रत्येक वळणाला जीव वर येत होता आणि मनात एकच येत होतं, की ही पोर आठवड्यातून तीनदा हे करायची.

तिच्या अंगणात पाय ठेवायला जागा नव्हती. कैऱ्यांच्या फोडी वाळत घातलेल्या, सगळं अंगण पांढरं, आणि आंबट वास असा की तोंडाला पाणी सुटावं. पाच-सहा बायका विळे घेऊन कैऱ्या कापत होत्या. त्यातली एक मान वर करून बघायला लागली. केस कानापाशी पिकलेले.

"मॅडम," म्हणाली. उठली मात्र नाही. "बसा."

पाणी आलं. मी बसले आणि काय वाटेल ते बोलायला लागले. ऊन किती, रस्ता कसा, कैरीला भाव काय. ती "हो" म्हणायची आणि कापायची. मग मी मोबाइल काढला. "बघ, तुला एक गंमत दाखवते," म्हटलं. तिनं हात लुगड्याला पुसले, मोबाइल घेतला. पडदा बघितला आणि ओळखला, मला दिसलं ते. एका चित्रावर बोट ठेवलं, खिडकी उघडली. बंद केली. दुसरी उघडली. सगळं पाठ होतं तिला अजून.

"बघ की," मी म्हटलं, "तू तेव्हा केलंस तेच आता सगळे करतात."

"हा खरा आहे?"

"नाही गं. नुसता दिसायला."

तिनं मोबाइल माझ्या हातात परत दिला. "तेव्हाही खोटाच दिला होता मॅडम, आताही खोटाच आणला." आणि हेच तिनं बायकांना त्यांच्या बोलीत सांगितलं असणार, कारण सगळ्या हसल्या. एक म्हातारी तर विळा बाजूला ठेवून हसली. मीपण हसायला लागले आणि मधेच थांबले.

"हसला होतात त्याचं काही नाही," ती म्हणाली. "मीही हसले असते. पण मी एक दिवस चुकवला नव्हता. एकदा घाटात जीप बंद पडली, तर म्हसावदपर्यंत चालत आले. तुम्हाला माहीत होतं. तुम्हीच पाय धुवायला पाणी दिलं होतं."

मला आठवत होतं. तांब्यासुद्धा आठवत होता.

"बाबांनी विचारलं, क्लासला जात नव्हतीस, तर आठवड्यातले तीन दिवस शहाद्यात कुणाकडे जात होतीस? मी काय सांगणार? मॅडम खोटं बोलतात म्हटलं तर कोण ऐकणार? मॅडम होत्या तुम्ही. पुढच्या महिन्यात लग्न लावलं. धडगावला दुसरी मुलगी लागली."

मी म्हटलं, "माझं चुकलं गं. मला माफ कर." वाटलं, आता हीपण रडेल, आणि सगळं मोकळं होईल.

ती रडली नाही. विळ्यावरची साल झटकली आणि म्हणाली, "मला कशाला सांगता? मी येत होते हे मला माहीतच आहे. त्यांना सांगा."

मोहाच्या झाडाखाली खाटेवर म्हातारा बसलेला. फेटा तोच असावा. नजर गेलेली नव्हती, कान गेले होते. मी म्हटलं, "अगं, इतक्या वर्षांनी कशाला? ह्या वयात त्यांना उगाच त्रास."

"परतीची जीप तीनला आहे," ती म्हणाली. "वेळ आहे."

ती उठली आणि पुढं चालायला लागली. फोडी तुडवू नयेत म्हणून मी तिच्या पावलावर पाऊल ठेवून गेले. म्हाताऱ्यानं मला ओळखलं नाही. तिनं कानाशी वाकून सांगितलं, तेव्हा सरळ होऊन बसला. मी बोलले. "तुमची मुलगी क्लासला येत होती. एक दिवस चुकवला नाही. मी खोटं बोलले." त्याला ऐकू गेलं नाही. तो मुलीकडे बघायला लागला. मला वाटलं ती सांगेल, पण ती "मोठ्यानं बोला," म्हणाली. मग मी ओरडून बोलले. तेच, शब्दाला शब्द. मागं विळ्यांचा आवाज थांबला.

त्यानंतर तिनं त्यांच्या बोलीत सांगितलं. थोडक्यात सांगितलं. म्हातारा आपल्या हातांकडे बघत काहीतरी बोलला.

"काय म्हणाले?"

ती पुस्तकातल्या मराठीत म्हणाली, एकेक शब्द वेगळा करून, "बाबा म्हणतात, आयुष्यात एकदाच मी हिच्यावर हात उचलला. तो मार मग कोणाचा होता?"

हे मला माहीत नव्हतं. देवाशपथ माहीत नव्हतं. मी तिच्याकडे बघितलं, तर तिनं नजर वळवली नाही.

"विचारतात ते. तुम्ही सांगा, मी त्यांना सांगते."

मी म्हटलं, "माझा होता. माझ्या वाटचा होता तो."

तिनं सांगितलं. म्हातारा माझ्याकडे वळला नाही. तिच्याकडेच बघत राहिला, मग काहीतरी विचारलं. तिनं उत्तर दिलं. त्यानं परत विचारलं, आवाज अगदी बारीक झालेला, आणि ती त्याच्या पायाशी खाली बसली आणि सांगायला लागली, हातानं दाखवत, लांबलचक. एकदा तिचं बोट हवेत पुढं जाऊन टेकल्यासारखं थांबलं, आणि म्हातारा मान हलवत राहिला. मला एक अक्षर कळत नव्हतं. काय चाललंय म्हणून मी विचारलं नाही. ते मला सांगण्यासाठी नव्हतं.

मी फोडींच्या कडेकडेनं जीपच्या रस्त्याला लागले. पावणेतीन झाले होते. ती पोचवायला आली नाही, आणि मी वाटही बघितली नाही.